पीकपाहणी की बांधावरचा साक्षीदार?

रावेर-यावलकडे (जळगाव जिल्हा) वहिवाटीचा, म्हणजे जमीन प्रत्यक्ष कुणाच्या ताब्यात आहे याचा, दावा म्हटला की पहिल्यांदा सातबारा पुढे सरकतो. त्यात गाव नमुना ७ मालकी सांगतो, १२ पिकं (हीच पीकपाहणी). महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ नुसार अधिकार अभिलेखातली (जमिनीवरच्या हक्कांच्या सरकारी दप्तरातली) नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरतात. पण ‘उलट सिद्ध होईपर्यंत’ हीच मेख. शिवाय १५ ऑगस्ट २०२१ पासून ई-पीक पाहणीत शेतकरी स्वतःच मोबाइलवर फोटो टाकतो, म्हणजे वाद सुरू झाल्यावर केलेली नोंद कोर्टाला फारशी पटत नाही. दाव्याच्या आधीची दहा-बारा वर्षांची सलग पाहणी असेल, तर गोष्टच वेगळी.

साक्षीदाराचं उलट. शेजारचा बांधकरी केळीचं खोड कुणी लावलं, घड कुणी कापले, पाण्याची पाळी कुणाची, हे सांगतो. कागदाला हे जमत नाही. मात्र उलटतपासात चारी दिशांच्या शेजाऱ्यांची नावं विचारली की भले भले अडखळतात. (भाऊबंदांचा साक्षीदार तर जणू घरचाच वकील.)

अपिलात मात्र माझा कौल कागदाला. पहिल्या अपिलात पुरावा पुन्हा तपासला जातो, पण साक्षीदाराचा चेहरा खालच्या कोर्टानेच पाहिलेला असतो. दुसऱ्या अपिलात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो. ताबा कुणाचा, हा प्रश्न साधारणपणे तिथे उघडत नाही. अपिलात नवा कागद आणायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम २७ खाली आधी का आणला नाही, ते सांगावं लागतं. म्हणून केळीच्या वजनकाट्याची पावती, पंपाचं वीजबिल पहिल्याच दिवशी दाखल करा.