हिरोशिमा आणि बिकिनी, दोन स्फोटांतला फरक

अणुबॉम्ब म्हटलं की हिरोशिमाच आठवतं, पॅसिफिक महासागरातल्या बिकिनी या प्रवाळबेटाचं फारसं कुणी बोलत नाही, म्हणून आज दोन्ही शेजारी ठेवून बघतोय.

६ ऑगस्ट १९४५ ला हिरोशिमावरचा बॉम्ब साधारण १५ किलोटनचा, म्हणजे १५ हजार टन टीएनटी स्फोटकाच्या ताकदीचा होता आणि तो जवळपास ६०० मीटर उंचीवर हवेत फुटला, त्यामुळे आगीची झळ आणि दाब लांबवर पसरला नि शहर बेचिराख झालं. वर्षअखेरपर्यंत अंदाजे १ लाख ४० हजार माणसं गेली. तिथल्या म्युझियममध्ये एका शाळकरी पोराचा जेवणाचा डबा ठेवलाय, आतला भात जळून कोळसा झालाय. तो फोटो मी बराच वेळ बघत बसलो होतो.

बिकिनीवरची १ मार्च १९५४ ची कॅसल ब्राव्हो ही अमेरिकेची हायड्रोजन बॉम्बची चाचणी १५ मेगाटनची, म्हणजे हजारपट मोठी! पण खरा फरक वेगळाच आहे, हा बॉम्ब जमिनीलगत फुटला, त्यामुळे प्रवाळाचा चुरा वर उडून किरणोत्सारी झाला आणि दीडशे किलोमीटरच्याही पलीकडे रोंगेलाप या बेटावर पांढऱ्या राखेसारखा पडला. पोरं त्यात खेळली हो, त्यांना कुणी काही सांगितलंच नव्हतं. अमेरिकेने तिथल्या लोकांना बाहेर काढायला दोन दिवस लावले. धोक्याच्या हद्दीबाहेर असलेल्या जपानी मच्छीमार बोटीवरचे २३ जणही आजारी पडले, त्यातला एक सप्टेंबरमध्ये वारला.

मला बिकिनीची भीती जास्त वाटते, कारण तिथे मरण हळूहळू आलं. रोंगेलापची माणसं १९५७ मध्ये घरी परतली आणि १९८५ मध्ये किरणोत्साराच्या भीतीने त्यांना परत बेट सोडावं लागलं.