शेवटच्या नळावरून: खानदेशातल्या पालिकांची पाणीसेवा, मृणालताईंच्या कसोटीवर

खानदेशात पाण्याची चर्चा धरणापासून सुरू होते. हतनूर किती टक्के, गिरणा किती, वाघूर भरलं का, अक्कलपाड्यातून पांझरेत कधी सोडणार. चौकशी रास्तच आहे. गिरणाकाठच्या गावांचा उन्हाळा आवर्तनाच्या, म्हणजे धरणातून पाणी सोडण्याच्या, तारखेवर निघतो. पण धरण भरलेलं असतानाही गल्लीच्या टोकाच्या घरात हंडा रिकामाच राहतो, आणि ते दुखणं धरणाच्या टक्क्यात कधी दिसत नाही. म्हणून हे परीक्षण उलट्या टोकानं केलं आहे, जलकुंभापासून सगळ्यात लांबच्या नळावर उभं राहून. कुठल्या एका पालिकेचं नाव घेतलेलं नाही, कारण जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांत योजनांची ठेवण आणि त्यांची दुखणी बरीचशी सारखीच आहेत.

ही कसोटी मृणाल गोऱ्यांची. १९२८ साली जन्मलेल्या मृणालताई डॉक्टरकीचं शिक्षण सोडून राष्ट्र सेवा दलात आल्या. साने गुरुजींचा ज्या सेवा दलावर जीव होता, तेच हे सेवा दल. गुरुजी १९२४ ते १९३० अमळनेरच्या शाळेत शिकवत होते, त्यामुळे ही परंपरा खानदेशाला परकी नाही. १९४८ मध्ये केशव ऊर्फ बंडू गोरे यांच्याशी लग्न झालं, संसार गोरेगावात मांडला आणि राजकारणाची सुरुवात तिथल्या ग्रामपंचायतीतून झाली. पुढे गोरेगाव मुंबई महापालिकेत गेलं, १९५८ साली केशवराव गेले, आणि १९६१ मध्ये त्या महापालिकेवर निवडून आल्या. झोपडपट्टीतल्या बायांना पाणी मिळावं म्हणून त्या इतक्या भांडल्या की 'पाणीवाली बाई' हे नाव जन्मभर चिकटलं. १९७२ साली त्या आमदार झाल्या. त्याच काळात अहिल्या रांगणेकर, प्रमिला दंडवते यांच्यासोबत महागाईविरोधात लाटणं-थाळी घेऊन बायकांना रस्त्यावर आणलं. आणीबाणीत तुरुंगवास झाला. १९७७ मध्ये लोकसभेवर गेल्या तेव्हा 'पानीवाली बाई दिल्ली में, दिल्लीवाली बाई पानी में' ही घोषणा गाजली; दिल्लीवाली बाई म्हणजे त्या निवडणुकीत हरलेल्या इंदिरा गांधी. नंतर नागरी निवारा परिषदेच्या लढ्यातून गोरेगावात साध्या उत्पन्नाच्या कुटुंबांसाठी हजारो घरं उभी राहिली. २०१२ साली त्या गेल्या.

मृणालताई लोकशाही समाजवादी. लोकशाही समाजवाद म्हटलं की लोकांना मोठमोठे ठराव आठवतात. खानदेशातल्याच फैजपूरला १९३६ साली काँग्रेसचं पहिलं ग्रामीण अधिवेशन भरलं, तिथे शेतकऱ्यांच्या प्रश्नावर असाच ठराव झाला होता. मृणालताईंनी तो विचार नळ, रॉकेल, साखर आणि घर इथवर खाली आणला. महापालिकेचं पाणी सगळ्यांच्या पैशातून येतं, तर ते सगळ्यांच्या दारात सारखंच पोचलं पाहिजे; आणि पोचत नसेल तर रस्त्यावर मोर्चा आणि सभागृहात प्रश्न, दोन्ही एकाच वेळी. शहरातल्या राजकारण्याचं यापेक्षा मोलाचं काम आम्हाला माहीत नाही.

आता सेवेकडे वळू.

केंद्राच्या १९९९ च्या पाणीपुरवठा नियमावलीत नळयोजना आणि भुयारी गटार असलेल्या किंवा होऊ घातलेल्या शहरासाठी माणशी रोज १३५ लिटरचं प्रमाण धरलं होतं, सार्वजनिक नळावर ४० लिटर. पाच माणसांच्या घराला दिवसाला ६७५ लिटर. तीन दिवसांआड पाणी, म्हणजे चौथ्या दिवशी पाळी येत असेल, तर एका पाळीला २,७०० लिटर घरात पडायला हवेत. पडतात किती, ते मोजायला वीस लिटरची बादली आणि मोबाइलचं घड्याळ पुरतं. पाणी आल्यावर पहिली पाच मिनिटं सोडून द्यावीत, कारण तेव्हा नळातून हवा आणि गढूळ पाणी येतं. मग बादली भरायला किती सेकंद लागतात ते टिपावं, मधल्या वेळी एकदा आणि पाणी जाण्याच्या दहा मिनिटं आधी पुन्हा एकदा. तिन्हींची सरासरी घ्यावी. एका पाळीवर निर्णय देऊ नये, निदान तीन पाळ्या मोजाव्यात. आणि त्याच दिवशी जलकुंभाजवळच्या एका घरातही हेच करावं. खरी मेख तिथेच कळते.

समजा जलकुंभाजवळ बादली ३० सेकंदांत भरली आणि टोकाला ९० सेकंद लागले, पाणी दोन्हीकडे ४५ मिनिटं. जवळच्या घरात १,८०० लिटर आले, टोकाच्या घरात ६००. चार दिवसांवर आणि पाच माणसांवर वाटलं तर एकीकडे माणशी रोज ९० लिटर, दुसरीकडे ३०. म्हणजे घरात नळ असूनही सार्वजनिक नळाच्या प्रमाणापेक्षा कमी. पाणीपट्टी मात्र दोघांना सारखीच, कारण अर्धा इंची जोडणीचा वर्षाचा ठोक दर ठरलेला असतो. त्यात एप्रिल-मेमध्ये पारा ४५ च्या वर गेला की कूलर लागतो, आणि मोठा कूलर दिवसभरात शंभर लिटर सहज पितो. टोकाच्या घरात कूलर असला तरी पाण्याअभावी तो नुसता पंखा होतो. प्रमाण आणि समान वाटप या मुद्द्यावर सेवेला पाचपैकी दीड गुण, आणि तोही फिल्टर प्लांटवर रात्रपाळी करणाऱ्या माणसांकडे पाहून.

टोकाला पाणी का पोचत नाही? पहिलं कारण मोटर. नळाला थेट जोडलेली टिल्लू मोटर पाणी ओढते, म्हणजे पुढच्या सगळ्या घरांचा दाब खाते. एकमजली घरासाठी शेवटच्या टोकाला निदान सात मीटर दाब, म्हणजे पाणी तेवढ्या उंचीवर चढेल एवढा, असावा असं १९९९ च्या नियमावलीत प्रमाण होतं. गल्लीतल्या दहा मोटरी एकदम सुरू झाल्या की तिथे दाब उरतच नाही, उलट नळी आतून रिकामी होऊन शोषायला लागते. नळी गटारातून गेलेली असेल आणि जोड सैल असेल, तर तिथून गटाराचं पाणी आत येतं. कावीळ आणि जुलाबाची साथ अशा गल्लीतच आधी पसरते. मोटर जप्तीची मोहीम वर्षातून एकदा होते आणि आठवड्यात मोटरी परत लागतात. मोटर लावणारा प्रत्येक जण चोर आहे असं आम्ही मानत नाही; शेजारच्याची लागली म्हणून यानं लावली. सुरुवात टोकाला दाब देण्यापासून व्हायला हवी, जप्ती त्यानंतर.

दुसरं कारण नळाचा खड्डा. दाब कमी म्हणून लोक अंगणात दोन-तीन फूट खोल खड्डा करून नळ त्यात उतरवतात. तेवढ्या उतारानं पाणी येतं खरं, पण पाणी गेल्यावर खड्ड्यात सांडपाणी साचतं, नळाचं तोंड त्यात बुडतं, आणि नळी रिकामी होताना ते घाण पाणी उलटं आत ओढलं जातं. पुढच्या पाळीला पहिली पाच मिनिटं वास येतो तो याचाच. खड्डा ठेवावाच लागत असेल तर नळाला बंद होणारी तोटी हवी, आणि पाणी गेल्याबरोबर ती बंद केली पाहिजे. उघड्या तोंडाची नळी कधीही नको. खड्डा सिमेंटनं बांधून त्याचा काठ जमिनीपेक्षा वीतभर वर घ्यावा.

तिसरं कारण आपल्या पायाखाली आहे. तापीकाठची काळी माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. जुन्या सिमेंटच्या नळ्या त्यात तडकतात, पीव्हीसीचे जोड निखळतात. जुनी वस्ती गढीच्या उंचावर आणि नव्या कॉलन्या खालच्या शेतात, अशी आपल्या बऱ्याच गावांची ठेवण आहे. एकाच व्हॉल्व्हवर दोन्ही घेतल्या की सगळं पाणी खाली पळतं. उपाय साधा आणि कष्टाचा आहे: उंच आणि सखल भागाच्या वेळा वेगळ्या करायच्या, आणि सखल भागाचा व्हॉल्व्ह पूर्ण न उघडता किल्लीच्या ठरलेल्या फेऱ्यांइतकाच उघडायचा. किती फेऱ्या, हे व्हॉल्व्हमनच्या डोक्यात असतं. तो रजेवर गेला की नवीन माणूस अंदाजानं उघडतो आणि गल्लीत 'पानी उनं का?' (पाणी आलं का?) हा पुकारा दिवसभर चालतो. प्रत्येक व्हॉल्व्हच्या फेऱ्या आणि वेळ लिहिलेली वही जलकुंभावर असली पाहिजे. व्हॉल्व्हमनभाऊंना दोष देण्याआधी त्यांच्याकडे किती व्हॉल्व्ह आहेत आणि ते पालिकेचे आहेत की ठेकेदाराचे, हे विचारावं. रात्री दोनला किल्ली घेऊन जाणाऱ्या माणसाच्या पगाराचा प्रश्नही याच सेवेचा भाग आहे, आणि पाणीवाल्या बाईंच्या विचारात तो बाजूला टाकता येत नाही.

शुद्धतेचं चित्र बरं आहे. फिल्टर प्लांटवर तुरटी आणि क्लोरीनची मात्रा बहुतेक वेळा नीट दिली जाते. अडचण येते ती पहिल्या पुरात. चांगदेवजवळ पूर्णा तापीला मिळते आणि वऱ्हाडातला काळा गाळ घेऊन येते. हतनूरचे दरवाजे उघडले की खाली नदीतून पाणी उचलणाऱ्या योजनांना दोन-चार दिवस पाण्यापेक्षा चिखल जास्त मिळतो. तेव्हा तुरटी वाढवावी लागते, निवळायला वेळ जातो आणि पाळी एक दिवस पुढे सरकते. हा उशीर समजून घेण्यासारखा आहे. फक्त तो आदल्या दिवशी रिक्षा फिरवून सांगितला पाहिजे. क्लोरीनची तपासणी मात्र प्लांटवर करून भागत नाही. शेवटच्या नळावर लिटरला निदान ०.२ मिलिग्रॅम शिल्लक क्लोरीन हवा. ओटी टेस्टमध्ये, म्हणजे क्लोरीन तपासायच्या रसायनाचे, थेंब टाकल्यावर पाणी पिवळसर झालं तर क्लोरीन आहे. रंगच आला नाही तर बहुधा वाटेत कुठेतरी घाण मिसळून तो खर्ची पडला आहे, किंवा मुळातच कमी टाकला गेला आहे. पालिकेच्या आरोग्य विभागाकडे ही चाचणी आपल्या नळावर करायला लावा. नमुना प्रयोगशाळेत द्यायचा असेल तर निर्जंतुक बाटली तिथूनच घ्या, घरी धुतलेली चालत नाही. शुद्धतेला तीन गुण.

दराला चार. टँकर किंवा जारच्या लिटरमागच्या खर्चाशी पाणीपट्टी ताडून पाहिली तर पालिकेचं पाणी आजही सगळ्यात स्वस्त आहे, आणि तसंच राहिलं पाहिजे. मीटरला आमचा सरसकट विरोध नाही. घरटी गरजेपुरत्या पाण्याचा दर नाममात्र ठेवावा आणि त्यापुढे लॉन, गाड्या धुणं, लॉज यांचा दर चढता असावा. पण टोकाच्या घरात पाणीच नसताना मीटर बसवला तर तो हवेनंसुद्धा फिरतो, आणि हवेचं बिल गरिबाच्या माथी बसतं. आधी दाब, मग मीटर.

टँकरबद्दल थोडक्यात. बारा हजार लिटरच्या टँकरमधून दोनशे लिटरचे साठ ड्रम भरतात. साठापेक्षा जास्त घरं असतील तर यादी आधी करावी आणि वाटप गल्लीच्या टोकाकडून सुरू करावं. जारचं थंड पाणी थंड असतं एवढंच खात्रीनं सांगता येईल.

नवीन जोडणी घेताना तीन गोष्टींवर अडून बसा. सॅडल आणि फेरूल, म्हणजे मुख्य नळीवर जोडणी घेण्याचा पट्टा आणि तोटी, मुख्य नळीच्या वरच्या बाजूला बसवा, खालून घेतली तर गाळ येतो. घरापर्यंतची नळी गटाराच्या तळातून नेऊ नका, ओलांडावंच लागलं तर गटाराच्या वरून आणि बाहेरच्या जाड पाइपातून न्या. आणि खोदलेला रस्ता बुजवण्याआधी पाणी सोडून जोड पाहा. रस्ता खोदाईचे पैसे भरल्याची पावती वेगळी मागा. २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्यात अधिसूचित सेवांना मुदत असते, ती कार्यालयाबाहेर लावलेली असायला हवी. मुदत उलटली तर आधी प्रथम अपील, मग द्वितीय, मग आयोग.

तक्रार निवारणाला एक गुण. निवडणुका रखडल्या त्या काळात पालिकांचा कारभार प्रशासकाकडे होता, आणि टोकाच्या नळाबद्दल सभागृहात उठून विचारणारं कुणी नव्हतं. ज्या गावात आता नगरसेवक आहेत तिथे त्यांना वॉर्डातल्या शेवटच्या पाच नळांचे आकडे द्या. 'पाणी येत नाही' असा अर्ज कपाटात जातो. अर्जात तारीख, पाणी आल्याची आणि गेल्याची वेळ, बादलीचे सेकंद, व्हॉल्व्हचं ठिकाण आणि जलकुंभाजवळच्या घराचे त्याच दिवशीचे सेकंद लिहा. गल्लीतल्या बायकांच्या सह्या आधी घ्या, पाणी त्याच भरतात आणि वेळ त्यांनाच पाठ असते. अर्ज दोन प्रतींत द्या, आपल्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका, आणि पुढच्या पाळीला पुन्हा बादली लावा.