आर्नोंकूरचा बाख बॉक्ससेट: ६० सीड्यांचा रतीब
तर शेवटी ६० सीड्यांचा तो जर्मन संगीतकार बाखच्या कँटाटांचा (गायक आणि वाद्यवृंदासाठीच्या, बहुतेक चर्चमधल्या रचनांचा) सेट घेतलाच, रोज एक असं ऐकतोय. सेटचा संचालक निकोलाउस आर्नोंकूर म्हणजे व्हिएन्ना सिंफनी या वाद्यवृंदात १९५२ ते ६९ चेलो वाजवणारा माणूस, तिथली नोकरी चालू असतानाच १९५३ मध्ये बायकोसोबत कॉन्सेंटस म्युझिकस हे स्वतःचं वाद्यपथक काढलं, जुनीच वाद्यं, आतड्याच्या तारा, आवाज जरा खरखरीत पण जिवंत! या कँटाटांचं रेकॉर्डिंग १९७१ ते ९० चाललं, त्यातला काही भार डच हार्पसिकॉर्डवादक आणि संचालक गुस्ताव लिओनहार्टने उचललाय. बायकांऐवजी बहुतेक ठिकाणी लहान मुलगेच गातात, वरच्या सुरात कधीकधी डगमगतात राव, पण मला तेच आवडलं. गुळगुळीत हवं असेल तर हा सेट घेऊ नका.