वनजमिनीवर शेती आहे: वनहक्काचा दावा करावा की दिवाणी कोर्टात जावं?

वनप्लॉट आजोबांपासून कसताय, सातबाऱ्यावर नाव वनखात्याचं आहे, आणि पेरणीच्या तोंडावर गार्ड येऊन नांगर अडवतो. मग कोणी सांगतं वनहक्क समितीकडे दावा टाका, कोणी म्हणतं वकील करा, स्टे आणा. पालघर-नाशिकपासून गडचिरोलीपर्यंत अनेक घरांत हा पेच आहे. माझं मत स्पष्ट आहे: आधी वनहक्काचा दावा, म्हणजे २००६ च्या वनहक्क कायद्याखाली कसत्या जमिनीवर हक्क मागणं.

कारण समजायला घरातली एकच वस्तू हातात घ्या, वनखात्याने अतिक्रमणाबद्दल फाडलेली दंडाची जुनी पावती. दिवाणी दाव्यात वकील बहुधा कब्जेवहिवाटीचा, म्हणजे दीर्घ ताब्यावरून मालकी मागण्याचा, मुद्दा घेतात. सरकारविरुद्ध त्यासाठी ३० वर्षांचा ताबा लागतो, तोही उघड, अखंड आणि मालकाचा हक्क झुगारून. तिथे सरकारी वकील हीच पावती दाखवून म्हणणार, की दंड भरला म्हणजे मालकी आमची हे तुम्हीच मान्य केलंत. वनहक्क समितीपुढे मात्र तीच पावती सोन्यासारखी: कायद्याने ठरवलेल्या १३ डिसेंबर २००५ या तारखेपूर्वी जमीन तुम्हीच कसत होतात याचा तो सरकारी पुरावा. म्हणून जुन्या पावत्या, पंचनामे, गुन्ह्याची नोंद, काहीही फेकू नका.

२००६ च्या वनहक्क कायद्यात पुराव्यालाही मोकळीक आहे. गावातल्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाब चालतो, जुनी विहीर, बांध, थडगी चालतात. किमान दोन पुरावे हवेत. ‘सॅटेलाइटच्या फोटोत शेत दिसत नाही’ एवढ्यावर दावा फेटाळता येत नाही; तो फोटो इतर पुराव्यांना पूरक, त्यांची जागा घेणारा नव्हे. शिवाय कलम ४(५) प्रमाणे पडताळणी पूर्ण होईपर्यंत तुम्हाला जमिनीवरून काढता येत नाही. ज्या स्टेसाठी कोर्टात धावायचं, ते संरक्षण इथे कायद्यातच आहे.

मर्यादाही नीट कळल्या पाहिजेत. जास्तीत जास्त ४ हेक्टर, तेही प्रत्यक्ष कसताय तेवढंच. हक्क नवरा-बायको दोघांच्या नावे, वारसांना मिळतो, पण विकता येत नाही. बिगरआदिवासींना तीन पिढ्यांची, म्हणजे ७५ वर्षांची अट आहे, आणि त्यांचे अनेक दावे इथेच अडतात. ही अट त्या भागातल्या वास्तव्याची आणि जंगलावर अवलंबून असण्याची आहे. तोच तुकडा ७५ वर्षं कसल्याचं सिद्ध करायला लागत नाही. अधिकारीही इथे गल्लत करतात, तेव्हा अर्जातच हे लिहून द्या.

वेळ लागतो, हे खरं. ग्रामसभा, उपविभागीय समिती, जिल्हा समिती अशा तीन पायऱ्या आहेत. दावा दोन एकरांचा आणि मंजुरी काही गुंठ्यांची, असंही बऱ्याच ठिकाणी झालंय. नामंजुरी लेखी आणि कारणांसह मागा. अपिलाला ६० दिवस असतात आणि तोंडी ‘तुमचं झालं नाही’ ऐकून परतलेल्या माणसाचे हे दिवस वाया जातात. सुप्रीम कोर्टाने १३ फेब्रुवारी २०१९ ला नामंजूर दावेदारांना हटवायचा आदेश दिला आणि २८ फेब्रुवारीला तो स्थगित केला, तोही फेटाळणी नीट प्रक्रियेने झाली का, याच प्रश्नावर. हायकोर्टात जायचं तर या टप्प्यावर: दावा प्रलंबित असताना नांगर अडवला किंवा कारण न देता फेटाळला, म्हणून. तिथे रिट, म्हणजे सरकारी कारवाईविरुद्ध थेट हायकोर्टात केलेला अर्ज, बळकट ठरते.

एका परिस्थितीत मात्र हा सगळा हिशेब उलटतो. जमीन तुमच्याच मालकीची असेल आणि सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात ‘खाजगी वन’ अशी नोंद बसली असेल, तर वनहक्काचा दावा चुकीचा. ते प्रकरण १९७५ च्या खाजगी वन संपादन कायद्याचं. जमीन वन ठरवण्यासाठीची जुनी सरकारी नोटीस नुसती काढली, मालकाला बजावलीच नाही, तर तेवढ्याने जमीन खाजगी वन ठरत नाही, असं सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये गोदरेज प्रकरणात सांगितलंय. नोटीस बजावल्याची पोच आधी मागवा. संपादनानंतर तुमच्याकडे १२ हेक्टरपेक्षा कमी जमीन उरली असेल, तर कलम २२-अ खाली जमीन परत मिळवण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.