आत झुकणाऱ्या पावलांसाठी खेळाचे बूट: कोणता आधार आणि किती?

धावताना किंवा भराभर चालताना टाच जमिनीला टेकली की पाऊल थोडे आतल्या बाजूला कलते, कमान किंचित खाली बसते आणि जमिनीचा धक्का विरतो. या हालचालीला प्रोनेशन म्हणतात आणि ती प्रत्येक निरोगी पावलात होते. हा कल प्रमाणाबाहेर गेला, किंवा चवड्यावर भार देऊन पाऊल उचलण्याची वेळ आली तरी ते सावरले नाही, तर त्याला ओव्हरप्रोनेशन म्हटले जाते. अशा वेळी नडगीचे हाड आतल्या बाजूला वळते, गुडघाही त्याच्यामागे आत जातो, आणि घोट्याच्या आतल्या बाजूने उतरून कमान उचलून धरणाऱ्या कंडरेला प्रत्येक पावलागणिक जादा काम पडते. नडगीच्या आतल्या कडेचे दुखणे, सकाळी पहिल्या पावलाला टाचेखाली उठणारी कळ किंवा गुडघ्याच्या वाटीभोवतीची ठसठस घेऊन जे लोक बूट शोधायला निघतात, त्यांच्यापुढे आज किमान पाच वेगवेगळे मार्ग आहेत. त्यांतला कोणता निवडावा हे ठरवताना एक कसोटी मला सर्वांत महत्त्वाची वाटते: ज्या आधाराने तक्रार शमते, त्यांतला सर्वांत कमी आधार निवडावा. झुकाव दिसतो म्हणून तो दडपून टाकणे हे बुटाचे काम नाही.

बूट पाहण्याआधी पाऊल नीट पाहणे आवश्यक आहे, कारण इथेच सर्वाधिक गैरसमज होतात. ओला पाय कागदावर ठेवून ठसा पाहण्याची पद्धत लोकप्रिय असली, तरी तो ठसा उभ्या, स्थिर पावलाचा असतो. धावताना तेच पाऊल किती वेगाने आणि किती काळ आत कलते हे त्यातून कळत नाही. सपाट तळवा आणि ओव्हरप्रोनेशन यांचा संबंध आहे, पण त्या दोन्ही एकच गोष्टी नाहीत. जुन्या बुटाच्या टाचेची बाहेरची कड झिजलेली पाहून अनेकजण आपला झुकाव बाहेरच्या दिशेने आहे असे ठरवतात, हेही चुकीचे आहे, कारण बहुतेक लोकांची टाच बाहेरच्या कडेवरच प्रथम टेकते. झीज पाहायचीच असेल तर चवड्याखालची आणि अंगठ्याच्या बाजूची पाहावी. त्याहून उपयोगी म्हणजे, बूट सपाट टेबलावर ठेवून मागून पाहिले असता त्याची टाच आतल्या बाजूला कलंडलेली दिसते का ते तपासणे. मागून घेतलेले धावण्याचे संथ गतीचे चित्रण याहून अधिक सांगते. फिजिओथेरपिस्ट पावलाच्या ठेवणीचे सहा निकषांवर गुणांकन करतात, ज्यात उणे १२ ते अधिक १२ अशी बेरीज येते. साधारणपणे ० ते ५ हे सामान्य, ६ ते ९ हे आत झुकलेले आणि १० पासून पुढे तीव्र झुकलेले पाऊल मानले जाते. आपण सहा-सातवर आहोत की अकरावर, यावर पुढची निवड बरीच अवलंबून असते.

पहिला मार्ग म्हणजे ज्यात कोणताही खास आधार नाही असा, पण तळाशी रुंद असलेला साधा बूट, ज्याला दुकानात न्यूट्रल म्हणतात. अलीकडच्या अनेक न्यूट्रल बुटांचा तळ पूर्वीपेक्षा रुंद असतो आणि मिडसोलच्या, म्हणजे तळातल्या फोमच्या मधल्या थराच्या, कडा वर चढवून पाऊल त्यात थोडे खोल बसवलेले असते, त्यामुळे वेगळा भाग न जोडताही बरीच स्थिरता मिळते. झुकाव सौम्य असेल, काहीही दुखत नसेल आणि आजवर अशाच बुटांत निभावले असेल, तर केवळ कोणी ट्रेडमिलवर पाहून ओव्हरप्रोनेशन असल्याचे सांगितले म्हणून बूट बदलू नयेत. मात्र याच गटात अतिशय मऊ, उंच आणि मध्यभागी अरुंद असे बूटही असतात, आणि आत कलणाऱ्या पावलासाठी ते सर्वांत वाईट ठरतात, कारण आतल्या कडेचा मऊ फोम भाराखाली अधिक दबतो आणि झुकाव वाढवतो. लेबल न्यूट्रल आहे एवढ्यावरून दोन बूट सारखे मानू नयेत.

दुसरा मार्ग जुना आणि परिचित आहे. या बुटात कमानीखालच्या आतल्या बाजूला मिडसोलमध्ये अधिक कडक फोमचा एक तुकडा बसवलेला असतो, जो पुष्कळदा करड्या रंगामुळे ओळखू येतो. दोन्ही बाजूंनी अंगठ्याने दाबून पाहिले की आतली बाजू घट्ट आणि बाहेरची मऊ लागते. न्यू बॅलन्सचा ८६० हा बूट तेराव्या आवृत्तीपर्यंत याच घाटाचा होता. या रचनेचा गुण असा की आधार कुठे आहे ते पायाला पहिल्या पावलापासून स्पष्ट जाणवते, आणि ज्यांची कमान खरोखर खाली बसते त्यांना तो दिलासा देतो. दोषही त्याच गुणात आहे: तो तुकडा प्रत्येक पावलाला सारखाच ढकलतो, गरज असो वा नसो. ज्यांचा झुकाव केवळ दमल्यावर, शेवटच्या काही किलोमीटरांत वाढतो, त्यांना ताज्या पायांनी धावताना तो कमानीत रुतल्यासारखा वाटतो.

तिसऱ्या गटाने गेल्या काही वर्षांत या जुन्या रचनेची जागा मोठ्या प्रमाणावर घेतली आहे, आणि आज निवड करणाऱ्या बहुतेकांचा खरा प्रश्न दुसऱ्या आणि या तिसऱ्या गटात कोणता घ्यावा हाच असतो. ब्रुक्सने ॲड्रेनलाइन जीटीएसच्या एकोणिसाव्या आवृत्तीपासून कडक तुकडा काढून टाचेच्या दोन्ही बाजूंना, पावलाच्या वरच्या अंगाला लागून, उंच आणि किंचित कडक अशा पट्ट्या बसवल्या. पुलाच्या कठड्यासारखे त्यांचे काम आहे. सरळ चालणाऱ्याला त्यांचा स्पर्शही होत नाही, तोल गेला तरच त्या अडवतात. १९९३ पासून चालत आलेल्या आणि तोशिकाझु कायानो या रचनाकाराच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या ॲसिक्सच्या जेल-कायानोने २०२३ मध्ये, तिसाव्या आवृत्तीत, हाच बदल वेगळ्या रीतीने केला: आतल्या बाजूला कडक फोमऐवजी उलट अधिक मऊ आणि अधिक उसळी देणारा भाग घातला, जो दबल्यानंतर पावलाला परत मध्याकडे ढकलतो, आणि तळ रुंद केला. सॉकनीच्या गाइडने सतराव्या आवृत्तीत उंच कडा आणि रुंद पाया यांवर भिस्त ठेवली. होकाच्या अराहीने सातव्या आवृत्तीपर्यंत टाचेभोवती वळसा घालून आतल्या बाजूने पुढे जाणारी, जे या इंग्रजी अक्षराच्या आकाराची घट्ट फोमची चौकट वापरली, म्हणजे तो बूट या दोन गटांच्या मधोमध उभा आहे.

या दोन गटांची समोरासमोर तुलना केली तर, झुकाव मध्यम असणाऱ्याला, तसेच ज्याचा एक पाय अधिक आणि दुसरा कमी झुकतो अशाला, तिसऱ्या गटाचा बूट जास्त लवकर मानवतो, कारण तो गरजेपुरताच हस्तक्षेप करतो. ज्यांच्या कमानीला सततचा, हाताने धरल्यासारखा आधार हवा असतो आणि ज्यांचा पाय वर्षानुवर्षे त्यालाच सरावला आहे, त्यांना मात्र नवा बूट पोकळ वाटू शकतो, आणि ती तक्रार खरी असते. अशांनी आपला आवडता बूट नव्या आवृत्तीत आंधळेपणाने घेऊ नये. नाव तेच राहते आणि आतली रचना पूर्ण बदललेली असते. वजनात दोहोंमध्ये फारसा फरक नाही, पुरुषांच्या मधल्या मापात एक बूट पावणेतीनशे ते तीनशे ग्रॅमच्या आसपास भरतो.

चौथा गट मोशन कंट्रोल बुटांचा आहे. यांचा तळ सरळ आणि रुंद असतो, टाचेभोवतीचा कप दाबला तरी हलत नाही, बूट मध्यभागी पिळता येत नाही, आणि एका बुटाचे वजन साडेतीनशे ग्रॅमच्या घरात जाते. ब्रुक्सचा बीस्ट हा या प्रकारचा बराच काळ टिकलेला बूट. तीव्र झुकाव, जड शरीर आणि इतर बुटांत न थांबलेली वेदना या तिन्ही गोष्टी एकत्र असतील तरच याचा विचार करावा. इतरांसाठी तो बूट पावलाची नैसर्गिक हालचालच रोखून धरतो.

पाचवा मार्ग म्हणजे न्यूट्रल बुटात वेगळा इनसोल घालणे. पावलाच्या मापाने बनवून घेतलेला इनसोल असेल तर हा मार्ग सर्वांत लवचीक आहे, कारण तोच आधार चालण्याच्या, कोर्टवरच्या आणि धावण्याच्या बुटांत नेता येतो. मात्र आधार देणाऱ्या बुटात पुन्हा आधार देणारा इनसोल घालणे ही वारंवार दिसणारी चूक आहे. दोन्ही मिळून पाऊल बाहेरच्या कडेवर लोटले जाते आणि घोटा मुरगळण्याची भीती वाढते किंवा गुडघ्याच्या बाहेरच्या बाजूला दुखू लागते. इनसोल घालायचा असेल तर बुटातला मूळ इनसोल आधी काढावा, आणि तसे केल्यावरही टाच वर येऊन सुटू लागत नाही ना, ते पाहावे.

हे सर्व आधार खरोखर दुखापत टाळतात का, या प्रश्नाचे उत्तर विक्रेते सांगतात तितके सरळ नाही. अमेरिकी लष्कर, हवाई दल आणि मरीन कोअर यांच्या नव्या भरतीतील प्रशिक्षणार्थींना तळव्याच्या ठशावरून बुटाचा प्रकार ठरवून दिला गेला, तेव्हा सर्वांना एकच प्रकारचा बूट देण्याच्या तुलनेत दुखापती कमी झाल्या नाहीत. डेन्मार्कमध्ये ९२७ नवख्या धावपटूंना एकच न्यूट्रल बूट देऊन वर्षभर पाहण्यात आले, आणि आत झुकणाऱ्या पावलांना दुखापतीचा अधिक धोका दिसला नाही. पण त्या १,८५४ पावलांत तीव्र झुकावाची केवळ १८ पावले होती, हे त्या निष्कर्षाबरोबर लक्षात ठेवले पाहिजे. उलट लक्झेंबर्गमधील २०१६ च्या अभ्यासात ३७२ धावपटूंना चिठ्ठ्या टाकल्याप्रमाणे दोन गटांत विभागून, आधाराचा एक घटक असलेला आणि नसलेला असे एकाच घडणीचे बूट सहा महिने दिले गेले, आणि आधार असलेल्या बुटांत दुखापती कमी झाल्या; हा लाभ प्रामुख्याने आत झुकणाऱ्या पावलांनाच झाला. याआधी २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, अर्धमॅरेथॉनची तयारी करणाऱ्या ८१ स्त्रियांच्या एका छोट्या अभ्यासात मात्र मोशन कंट्रोल बूट वापरणाऱ्यांचेच सरावाचे दिवस सर्वाधिक बुडाले. हे निष्कर्ष एकमेकांना छेद देतात असे वाटते, पण मला त्यांतून एक सुसंगत अर्थ दिसतो: ठशावरून सरसकट बूट वाटणे निरर्थक आहे, खरोखर झुकणाऱ्या पावलाला बेताचा आधार उपयोगी पडतो, आणि आधार जितका कडक तितका चांगला हा समज निराधार आहे.

म्हणूनच सहा ते नऊ गुणांच्या आसपासचे पाऊल, त्याबरोबर नडगी किंवा कमान दुखण्याची तक्रार, आणि आठवड्यातून काही वेळा धावणे अशी स्थिती असेल, तर मी तिसऱ्या गटापासून सुरुवात करण्यास सांगेन आणि तिथे कमानीला पोकळी वाटली तरच दुसऱ्याकडे वळण्यास सांगेन. तक्रार पोटरीची किंवा टाचेमागच्या कंडरेची असेल तर आणखी एक आकडा पाहावा, तो म्हणजे टाच आणि चवडा यांच्या उंचीतला फरक. ॲड्रेनलाइनच्या चोविसाव्या आवृत्तीत तो १२ मिलिमीटर आहे, कायानो ३० मध्ये १०, तर अराही ७ मध्ये ५ मिलिमीटर. फरक कमी असला की पोटरीला अधिक ताणावे लागते, आणि आखडलेली पोटरी घोटा पुरेसा वाकू देत नाही, त्याची भरपाई पाऊल आणखी आत झुकून करते. त्यामुळे ज्यांच्या पोटऱ्या आखडलेल्या आहेत त्यांनी एकदम पाच मिलिमीटरवर उतरू नये.

खेळ कोणता, हेही विसरता कामा नये. वरील सर्व बूट सरळ रेषेत धावण्या-चालण्यासाठी आहेत. बॅडमिंटन, टेनिस किंवा बास्केटबॉलमध्ये बाजूला झेपावताना धावण्याच्या बुटाचा उंच तळ पायाखाली कलंडतो, तिथे खालचा तळ आणि भक्कम कडा असलेला कोर्टचाच बूट घेऊन, गरज वाटल्यास त्यात इनसोल घालणे अधिक सुरक्षित आहे. वजन उचलताना मऊ मिडसोल हाच झुकाव वाढवतो, म्हणून तिथे सपाट आणि कठीण तळ बरा.

दुकानात बूट घालून पाहताना संध्याकाळची वेळ निवडावी, कारण दिवसभरात पावले थोडी सुजतात, आणि नेहमीचे मोजे घालूनच माप पाहावे. आत झुकणारे पाऊल भाराखाली लांब आणि रुंद होते, त्यामुळे बसून घेतलेले माप अपुरे पडते. उभे राहून सर्वांत लांब बोटापुढे अंगठ्याच्या रुंदीएवढी जागा उरली पाहिजे. बूट बाजूने तंग वाटला तर लांबीचा मोठा अंक घेण्यापेक्षा तोच अंक रुंद मापात मागावा, अन्यथा कमानीचा आधार कमानीच्या पुढे-मागे सरकतो. टाच सुटत असेल तर नाडी शेवटच्या जादा छिद्रातून ओवून वळसा घेऊन बांधावी. मग एका पायावर उभे राहून गुडघा थोडा वाकवावा. दोन बुटांत हे करून पाहिले की कोणता पाऊल सावरतो आणि कोणता ते केवळ ढकलतो हे बरेचसे कळते. पहिल्याच मिनिटाला कमानीखाली काही टोचत असेल तर ते वापराने मऊ होईल या आश्वासनावर विसंबू नये.

नवा बूट पहिले दोन-तीन आठवडे जुन्यासोबत आलटून पालटून वापरावा आणि अंतर हळूहळू वाढवावे. साधारण ५०० ते ८०० किलोमीटरनंतर फोमची ताकद ओसरते, आणि आत झुकणाऱ्या पावलाखाली ती आतल्या कडेला आधी ओसरते. वरून बूट नवा दिसत असला तरी मागून कलंडलेला दिसला की तो बदलावा.

काही स्थितींत बुटाची निवड दुय्यम ठरते. एकाच पायाची कमान प्रौढपणी अलीकडे खाली बसली असेल, घोट्याच्या आत सूज असेल, एका पायावर उभे राहून टाच उचलता येत नसेल, किंवा चवड्यावर उभे राहिल्यावरही कमान तयार होत नसेल, तर आधी अस्थिरोगतज्ज्ञांकडे जावे, कारण कमान धरणारी कंडरा निकामी होत असल्यास केवळ बूट बदलून वेळ दवडणे महागात पडते. मधुमेहामुळे तळव्याची संवेदना कमी झालेल्यांनीही कडक आधाराचा कोणताही बूट किंवा इनसोल स्वतःच्या अंदाजाने घेऊ नये. टोचलेले त्यांना कळत नाही, आणि जखम मात्र होते.