मॅमिलारिया आणि गोव्याचा पावसाळा: वापरानंतरचा अनुभव

गेल्या दिवाळीनंतर मागवलेली मॅमिलारिया या निवडुंगाची छोटी रोपं यंदाचा पावसाळा काढून बाहेर पडली आहेत. मी फोंड्याजवळ राहते. इथला घामट उन्हाळा आणि चार महिन्यांची ओल दोन्ही पाहून झाल्यावर माझं मत पक्कं झालंय: ही रोपं गोव्यात छान वाढतात, फुलतातसुद्धा. पण सगळ्या जातींना एकच माप लावता येत नाही. कुंडीत नेमकं काय आहे हे ओळखल्याशिवाय पाणी किती आणि ऊन किती, हे ठरवायला जाऊच नये.

रोपं ऑनलाइन मागवली होती. वर्तमानपत्रात नीट गुंडाळून आली, मुळांशी कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), आणि नावाचा पत्ता नाही. पावतीवर फक्त ‘मिक्स कॅक्टस’. एका रोपाच्या डोक्यावर चक्क गरम डिंकाने चिकटवलेलं वाळकं फूल होतं. हा प्रकार मला मनापासून खटकतो, कारण फुलाची जागा हीच मॅमिलारियाची सगळ्यात मोठी खूण, आणि नवख्या माणसाची तिथेच दिशाभूल होते. असं फूल ओढून काढू नका, शेंड्याची कोवळी वाढ सोबत निघते. कात्रीने वरून कापा आणि उरलेला डिंक तसाच राहू द्या. रोप वाढतं तसा तो कडेला सरकतो.

ओळखीसाठी एक साधं भिंग घ्या आणि सकाळच्या उजेडात बसा. मॅमिलारियाच्या अंगावर उभ्या धारा नसतात. सुटे सुटे उंचवटे असतात, प्रत्येकाच्या टोकाला लवेची बारीक गादी, आणि त्या गादीतून काटे. हे उंचवटे मळसूत्री ओळींत चढत जातात. ओळी एका दिशेने मोजा, मग उलट दिशेने. बहुतेक वेळा ८ आणि १३ भरतात, नाहीतर १३ आणि २१. जैन पंडित हेमचंद्राने बाराव्या शतकात छंदांच्या मात्रा मोजताना सांगितलेली हीच संख्यामाला, जिच्यात प्रत्येक संख्या आधीच्या दोन संख्यांची बेरीज असते. जग तिला फिबोनाचीच्या नावाने ओळखतं. माझ्या हानियाना जातीच्या रोपावर १३ आणि २१ ओळी भरल्या तेव्हा मी केवळ आनंदासाठी त्या परत मोजल्या.

मग फूल. ते काट्यांच्या गादीतून येत नाही, दोन उंचवट्यांमधल्या बेचक्यातून येतं, आणि तेही शेंड्यापासून थोडं खाली. म्हणून डोक्याभोवती फुलांचं कडं तयार होतं. कोरिफँथा ही निवडुंगाची दुसरी प्रजाती दिसायला अगदी तशीच, पण तिचं फूल थेट शेंड्यावर येतं आणि तिच्या उंचवट्याच्या वरच्या अंगाला खाच असते. रेबुशिया या आणखी एका निवडुंगाची फुलं बुडाजवळून निघतात. फुलांचा हंगाम नसेल तर बेचके उघडून पाहा: कुठे पांढरी लोकर असते, कुठे ताठ केस, कुठे काहीच नाही. मधला काटा सरळ आहे की टोकाला आकड्यासारखा वळलेला, तेही पाहा. काही जातींना टाचणीचं टोक लावलं तर दुधासारखा चीक येतो, मॅग्निमामा आणि कॉम्प्रेसा त्यांपैकी. बाकीच्यांतून नुसतं पाणी. ही टोचाटोची कोरड्या दिवसांतच करावी, ओल्या हवेत जखम लवकर सुकत नाही.

एवढ्या खुणांवर माझ्याकडची बहुतेक रोपं ओळखता आली. बोटांसारखी उभी वाढणारी, सोनेरी काट्यांची ती एलोंगाटा. अंगठ्याएवढ्या गोळ्यांचा झुपका, हात लागताच पिल्लं गळून पडतात ती ग्रासिलिस. पांढऱ्या केसांत लपलेली हानियाना. रेशमी केसांखाली आकडे दडवून बसलेली बोकासाना. ती आधी कपड्याला लागते, मग बोटाला. प्रोलिफेरा आणि प्लुमोसाबद्दल खाली लिहिते.

वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने १७५३ मध्ये यातल्या एका जातीची कॅक्टस मॅमिलारिस म्हणून नोंद केली, आणि हॉवर्थने १८१२ मध्ये मॅमिलारिया ही वेगळी प्रजाती मांडली. आपल्यासाठी महत्त्वाचं आहे ते त्यांचं मूळ गाव. बहुतेक जाती मेक्सिकोच्या, त्यातही कोरड्या पठारांवरच्या, जिथे अनेक भागांत वर्षाला ५०० मिलिमीटरही पाऊस पडत नाही. गोव्यात साधारण ३००० मिलिमीटर पडतो, त्यातला बहुतेक जून ते सप्टेंबरमध्ये. पण काही जाती कॅरिबियन बेटांवरच्याही आहेत. प्रोलिफेरा क्युबा, हिस्पॅनिओला आणि टेक्सासपर्यंत सापडते. निवोसा तर तिकडच्या समुद्राकाठच्या खडकांवर वाढते. दमट हवा त्यांच्या ओळखीची आहे, आणि हा फरक इथल्या जुलैत स्पष्ट दिसला. प्रोलिफेरा पावसाळ्यातही पिल्लं धरत होती. उत्तर मेक्सिकोतल्या चुनखडीच्या कड्यांवरची प्लुमोसा मात्र छपराखाली असून, पाण्याचा थेंब न देता, ऑगस्टमध्ये मऊ पडली. तिची ती सुंदर पिसं ओल धरून ठेवतात. एसी नसलेल्या घरात प्लुमोसा घ्या असं मी कुणाला सांगणार नाही.

पावसाळ्यात खरा प्रश्न हवेचा आहे. या वनस्पतींची पर्णरंध्रं, म्हणजे हवा आत घेणारी बारीक छिद्रं, रात्री उघडतात, दिवसा मिटलेली असतात; वाळवंटात पाणी राखण्यासाठी ही सोय. त्यांच्या मूळ गावी रात्र थंड आणि कोरडी असते. आपली जुलैतली रात्र उबदार, आणि हवेतली आर्द्रता ९० टक्क्यांच्या आसपास. मुळांशी गेलेलं पाणी वर ओढलं जात नाही, माती सुकत नाही, आणि बुरशीला हवं ते सगळं मिळतं. म्हणून पावसाळ्यात छप्पर तर हवंच, पण बंद खोली नको. माझ्या कुंड्या पडवीच्या कडेला, पारदर्शक पत्र्याखाली, जमिनीपासून वर लोखंडी मांडणीवर होत्या. संध्याकाळी छोटा पंखा त्यांच्या अंगावर सोडत असे. पंख्याने जेवढा फरक पडला तेवढा कुठल्याही बुरशीनाशकाने पडला नाही.

कोकोपीट पहिल्याच आठवड्यात काढून टाकावं. वरून कोरडं दिसतं आणि आत ओलं राहतं. त्याऐवजी चिऱ्याची (जांभ्या दगडाची) बारीक खडी वापरते. घराचं काम चालू असेल तिथे चिरे तासताना पडलेला चुरा फुकट मिळतो. तीन ते पाच मिलिमीटरची खडी चाळून घ्यायची आणि लाल पाणी येणं थांबेपर्यंत धुवायची. ती मातकट पूड राहिली तर कुंडीत बसते आणि चिखल होतो. दोन भाग ही खडी, एक भाग जाडी रेती, एक भाग चांगलं कुजलेलं पालापाचोळ्याचं खत, थोडे कोळशाचे तुकडे. किनाऱ्यावरची रेती नको, तिच्यात मीठ असतं. चिरा सच्छिद्र असतो, किंचित आम्लधर्मी असतो, आणि मॅमिलारियाला तो मानवतो, हे मुळं पाहून सांगते: चवथीनंतर एक कुंडी उलटी केली तर पांढरी मुळं खडीच्या भोकांत शिरलेली होती. परलाइट (मातीत मिसळायचे हलके पांढरे खडे) विकत आणायची मला गरज वाटली नाही. कुंडी मातीचीच, रंग न दिलेली, आणि रोपापेक्षा बोटभरच रुंद.

पाणी नोव्हेंबर ते मे, माती तळापर्यंत सुकली की भरपूर, सकाळी. जानेवारीत हात आखडता घ्यायचा. गोव्यात कडाक्याची थंडी नाही, तर निदान कोरडेपणाने तरी त्यांना विश्रांती मिळू दे. हानियानाला फेब्रुवारीच्या शेवटी जांभळट गुलाबी फुलांचं पूर्ण कडं आलं. प्रोलिफेराची फुलं लहान, फिकट पिवळी, पण तिचं फळ बघण्यासारखं. फूल सुकतं, काहीच घडत नाही असं वाटतं, आणि एके दिवशी त्याच बेचक्यातून लालभडक फळ बाहेर डोकावतं, लवंगी मिरचीएवढं लांबट. आतून काळे बारीक दाणे.

एका गोष्टीकडे मात्र नीट लक्ष द्या. सप्टेंबरअखेर ढग हटतात आणि ऊन एकदम चढतं. तीन-चार महिने अंधुक उजेडात राहिलेलं रोप त्या उन्हात दोन दिवसांत करपतं, आणि तो तपकिरी डाग कायमचा. ऑक्टोबरात आधी फक्त सकाळचं ऊन, वरून हिरवी जाळी, मग हळूहळू उघडं. पांढऱ्या दाट काट्यांच्या जातींना कडक ऊन सोसतं, उघड्या हिरव्या अंगाच्यांना दुपारची सावली लागते.

किडींपैकी पिठ्या ढेकूण सगळ्यात चिवट. बेचक्यात बसतो आणि लोकरीसारखाच दिसतो, म्हणून बेचक्याची नेहमीची लोकर कशी असते ते आधीच माहीत असलेलं बरं. इयरबडला ७० टक्क्यांचं आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पुसायचं. कुंडीच्या आतल्या बाजूला पांढरी भुकटी दिसली तर तो मुळांवर पोचलाय. मुळं धुवून, वाळवून नव्या खडीत लावायचं. मार्च-एप्रिलच्या उष्म्यात लाल कोळी येतो, शेंडा गंजल्यासारखा दिसू लागतो.

घेताना रोप बोटाने बुडाशी हलकेच दाबून पाहा, कडक हवं. परदेशातून कुणी ‘जंगलातलं जुनं रोप’ म्हणून देऊ केलं तर घेऊ नका. निवडुंगांच्या जवळपास सगळ्या जाती साइट्सच्या, म्हणजे वन्य जीवांच्या व्यापारावर बंधनं घालणाऱ्या आंतरराष्ट्रीय कराराच्या, यादीत आहेत, आणि पेक्टिनिफेरासारख्या काही तर सगळ्यात कडक अशा पहिल्या परिशिष्टात. बियांपासून किंवा पिल्लांपासून वाढवलेली रोपं इथल्या नर्सऱ्यांत शंभर-दीडशे रुपयांत मिळतात. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये घ्या, म्हणजे पुढच्या पावसाआधी मुळं धरायला सात-आठ कोरडे महिने हातात असतात.

सुरुवात कुठून करायची असं विचारलंत तर प्रोलिफेरा, मग एलोंगाटा. मोरजीला राहणाऱ्या नणंदेला मी प्रोलिफेराचीच पिल्लं काढून, आठवडाभर सावलीत सुकवून दिली. तिच्याकडे समुद्राचा खारा वारा थेट येतो, म्हणून कुंड्या घराच्या पूर्वेच्या बाजूला ठेवल्यात.