अठरा वादक, दोन सीडी आणि एक अकॉर्डियन : ‘डेटा लॉर्ड्‌स’ काही महिने ऐकल्यानंतर

अमेरिकी जाझ संगीतकार मारिया श्नायडर यांचा ‘डेटा लॉर्ड्‌स’ हा दोन सीडींचा अल्बम माझ्याकडे काही महिन्यांपासून आहे, आणि त्याविषयी लिहायला मुहूर्त लागला तो घरचा सीडी प्लेयर बंद पडल्यामुळे. दुरुस्तीवाल्याने लेन्स गेल्याचे सांगितले, सुटा भाग आता मिळत नाही असेही सांगितले, आणि ‘मोबाइलवर ऐका की, सगळे फुकटच असते’ असा सल्ला देऊन तपासणीचे पैसे तेवढे ठेवून घेतले. हा अल्बम त्या फुकटच्या ठिकाणी मुद्दामच ठेवलेला नाही, हे त्याला सांगण्यात अर्थ नव्हता. डाउनलोड विकत मिळते. परंतु ज्या संगीताचे पैसे एकदा मोजले आहेत, त्याचे पुन्हा मोजणे माझ्या स्वभावात बसत नाही.

किमतीविषयी आधी बोलतो, कारण खरेदी करताना माझा मुख्य राग तिच्यावरच होता. टपालखर्च आणि सीमाशुल्क वाचावे म्हणून न्यू जर्सीतल्या नातेवाइकांच्या सामानातून हा अल्बम मागवला, तरीही रुपयांत हिशेब केल्यावर आकडा बोचलाच. सगळे जग स्ट्रीमिंगवर असताना एका संगीतकाराने आपले अलीकडचे सर्व अल्बम तेथून बाहेर ठेवावेत, हा मला तेव्हा शुद्ध तोरा वाटला होता. हे मत पुढे बदलले, पण ते संगीतामुळे नव्हे, तर साध्या गणितामुळे. श्नायडर यांच्या बँडमध्ये पाच सॅक्सोफोन-क्लॅरिनेटवाले, चार ट्रम्पेट, चार ट्रोम्बोन, गिटार, पियानो, अकॉर्डियन, बास आणि ड्रम असे अठरा वादक आहेत. त्यांची तालीम, स्टुडिओचे भाडे, मिश्रण, छपाई हे सगळे धरले आणि रचना एकदा वाजल्यावर एका सेंटचा जेमतेम अंश देणारी व्यवस्था समोर ठेवली, तर जमाखर्च कोणत्याही बाजूने जुळत नाही. तीन जणांच्या बँडला कदाचित जुळवता येईल. बिग बँडला, म्हणजे जाझच्या अशा मोठ्या वाद्यवृंदाला, नाही.

श्नायडर यांची सारी कारकीर्द या न जुळणाऱ्या जमाखर्चाशी झगडण्यात गेलेली दिसते. मिनेसोटातील विंडम या लहान गावात 1960 साली जन्मलेल्या श्नायडर ईस्टमन या संगीत महाविद्यालयातून पदव्युत्तर शिक्षण पूर्ण करून 1985 मध्ये न्यूयॉर्कला आल्या आणि 1988 पर्यंत जाझ संगीतकार व संयोजक गिल एव्हान्स यांच्या साहाय्यक होत्या. जाझ संगीतकार बॉब ब्रुकमायर यांच्याकडेही त्या शिकल्या. स्वतःचा बँड उभा केल्यावर 1993 ते 1998 अशी पाच वर्षे ग्रिनिच व्हिलेजमधील व्हिजिओनेस या छोट्या क्लबात तो दर सोमवारी वाजत असे. पहिले तीन स्टुडिओ अल्बम एन्या या जर्मन कंपनीने काढले. त्यानंतर मात्र त्यांनी कंपनीची वाट सोडली आणि श्रोत्यांकडून आधीच पैसे घेऊन, त्यांना निर्मितीची प्रक्रिया दाखवत अल्बम करण्याची आर्टिस्टशेअरची पद्धत स्वीकारली. त्या पद्धतीने आलेला ‘कॉन्सर्ट इन द गार्डन’ (2004) हा दुकानात न विकता केवळ इंटरनेटवरून विकला गेलेला पहिला ग्रॅमी-विजेता अल्बम ठरला. पुढे 2014 मध्ये त्यांनी अमेरिकी काँग्रेसच्या उपसमितीपुढे स्वामित्वहक्काच्या कायद्यातील उणिवांविषयी साक्ष दिली, आणि 2020 च्या जुलैत, म्हणजे ज्या महिन्यात ‘डेटा लॉर्ड्‌स’ प्रसिद्ध झाला त्याच महिन्यात, याच हक्कांवरून यूट्यूबवर सामूहिक दावा, म्हणजे आपल्यासारख्या इतरांच्याही वतीने खटला, लावला. न्यायालयाने सामूहिक दाव्याची मान्यता नाकारली आणि 2023 मध्ये खटला उभा राहण्याच्या तोंडावरच प्रकरण मिटले. तेव्हा या अल्बमची किंमत आणि अल्बमचा विषय या दोन वेगळ्या गोष्टी नाहीत.

आता प्रत्यक्ष ऐकण्याविषयी. पहिली सीडी डिजिटल जगाची आणि दुसरी निसर्गाची, ही मांडणी सर्वांना ठाऊक आहे, आणि दोन्ही मिळून ऐकायला सुमारे दीड तास लागतो. सुरुवातीला पहिली सीडी मला फार उघडउघड बोलणारी वाटली. गूगलच्या जुन्या बोधवाक्यावर उपरोधाने बेतलेली ‘डोंट बी ईव्हिल’ आणि शेवटची शीर्षक-रचना ऐकताना खलनायक कोण आहे हे पहिल्या मिनिटालाच कळते, मग उरलेली मिनिटे कशासाठी, असा प्रश्न मनात येई. ‘सीक्यू सीक्यू, इज एनिबडी देअर?’ या रचनेने ती तक्रार बरीच सौम्य केली. (‘सीक्यू’ म्हणजे हौशी रेडिओवाले कोणालाही घालतात ती साद.) मोर्स संकेतांच्या लयी तिथे वाद्यवृंदात विणल्या आहेत, आणि डॉनी मॅकॅस्लिन यांचा टेनर सॅक्सोफोन त्या संकेतांमधून माणसाचा आवाज शोधत असल्यासारखा वाजतो. ‘स्पुटनिक’मध्ये स्कॉट रॉबिन्सन यांचा बॅरिटोन सॅक्सोफोन आहे, आणि तिला त्या वर्षीचा सर्वोत्तम वाद्यसंगीत-रचनेचा ग्रॅमी मिळाला. एक व्यवहारी सूचना मात्र करायलाच हवी : या रचना इतक्या हळू सुरू होतात की आपण आवाज वाढवतो, आणि मग सगळी पितळी फुंकवाद्ये एकदम अंगावर येतात. रात्री भिंतीपलीकडे शेजारी असतील तर रिमोट हातातच ठेवावा.

पण हे सगळे बाजूला ठेवून मला अकॉर्डियनविषयी लिहायचे आहे. या बँडमध्ये हे वाद्य गॅरी व्हर्साचे नावाचे वादक ‘कॉन्सर्ट इन द गार्डन’पासून वाजवतात, आणि बिग बँडच्या रूढ जुळणीत त्याला जागा नाही. आपल्याकडच्या श्रोत्याला अकॉर्डियन म्हटले की गुडी सीरवाई आणि पुण्याचे इनॉक डॅनियल्स आठवतात, हिंदी चित्रपटगीतांतील कडव्यांमधले ते ठसठशीत तुकडे आठवतात. त्यामुळे मी तसेच काही शोधत राहिलो आणि अठरा जणांच्या पैशात अकॉर्डियन गेले कुठे म्हणून चिडलोही. ते सतत होते, फक्त पुढे येत नव्हते. पियानोची पट्टी दाबली की स्वर लगेच विरायला लागतो. भात्याचे वाद्य मात्र ट्रोम्बोन किंवा क्लॅरिनेटसारखे स्वर धरून ठेवते आणि तो धरलेला असतानाच फुगवते किंवा बारीक करते. म्हणून श्नायडर ते फुंकवाद्यांच्या मध्ये पेरतात, आणि एक गट थांबून दुसरा कधी सुरू झाला हे कानाला कळेनासे होते. दुसऱ्या सीडीच्या आरंभी, क्योटोजवळच्या बागेवरील ‘सान्झेनिन’मध्ये, तेच वाद्य अखेर समोर येते, आणि तिथेही ते मिरवत नाही. ‘ब्लूबर्ड’मध्ये त्याला स्टीव्ह विल्सन यांचा आल्टो सॅक्सोफोन सोबतीला आहे. गेले काही महिने मी या दोन रचनांकरिता दुसरी सीडी पहिल्यापेक्षा कितीतरी अधिक वेळा लावली, हे मान्य करतो. समतोल परीक्षण हवे असणाऱ्यांनी ते दुसरीकडे वाचावे.

यातून जे हाती लागते ते असे की श्नायडर वाद्यांसाठी लिहीत नाहीत, ठरावीक माणसांसाठी लिहितात. जुन्या जमान्यातले बिग बँडप्रमुख ड्यूक एलिंग्टन यांचीही हीच रीत होती. फरक इतकाच की एलिंग्टन यांचा बँड वर्षभर गावोगाव हिंडून पोट भरत असे, आणि श्नायडर यांचे वादक इतर कामे सांभाळून वर्षानुवर्षे परत येतात. ब्रिटिश रॉक गायक डेव्हिड बोवी यांनी 2014 मध्ये ‘सू’ हे गाणे या बँडबरोबर केले, तेव्हा श्नायडर यांनीच त्यांना मॅकॅस्लिन यांचे नाव सुचवले, आणि बोवींचा अखेरचा अल्बम ‘ब्लॅकस्टार’ मॅकॅस्लिन यांच्या चमूसह झाला. श्नायडर यांच्या बँडचे गिटारवादक बेन मॉन्डरही त्यात होते. असा वादक बदलला तर रचनाच बदलते. पियानोवादक फ्रँक किंब्रो 2020 च्या डिसेंबरअखेर वारले, आणि ‘डेटा लॉर्ड्‌स’मधील त्यांचे वादन आता त्या माहितीशिवाय ऐकता येत नाही.

नव्या खरेदीदाराने थेट या अल्बमपासून सुरुवात करू नये, असे माझे मत आहे. आधी ‘कॉन्सर्ट इन द गार्डन’ घ्यावा; तो एका सीडीचा आहे आणि आवडला नाही तर नुकसान निम्मे. ‘डेटा लॉर्ड्‌स’ घेतलाच, तर दुसरी सीडी आधी ऐकावी, सीडीसोबतची पुस्तिका सांभाळून ठेवावी आणि पहिलीला थोडा वेळ द्यावा. माझी पुढची खरेदी ‘द थॉम्पसन फील्ड्‌स’ (2015) ही असेल. त्यात ‘अ पॉटर्स साँग’ ही रचना बँडमधील दिवंगत ट्रम्पेटवादक लॉरी फ्रिंक यांना अर्पण केलेली आहे, आणि तिच्यातील एकल वादन ट्रम्पेटला नव्हे तर अकॉर्डियनला दिले आहे, हे पैसे मोजण्याआधीच तपासून घेतले आहे.